रणपिसे बाईंचं फेरवाचन

गेल्या महिन्यात रणपिसे बाईंच्या वह्या आमच्या कॉलेजच्या ग्रंथालयात दाखल करून घेतल्या. अठ्ठावन्न वह्या, दोन फायली आणि एक मोठा गुंडाळलेला कागद. दाखल-नोंदवहीत रकाने ठरलेले असतात : क्रमांक, शीर्षक, लेखक, पानं. मी तिसऱ्याच रकान्यावर अडले आणि बाईंना नाशिकला फोन लावला.

"लेखक म्हणून तुमचं नाव घालते."

"माझं कशाला? सांगितलं त्यांनी. मी नुसतं लिहून घेतलं."

"मग त्यांची नावं द्या."

"ती द्यायची नाहीत. कबूल केलंय मी."

"बाई, रकाना रिकामा ठेवता येत नाही."

मग म्हणाल्या, "'अनेक' असं लिही. आणि ज्योती, वह्या खालच्या कप्प्यात ठेवू नकोस. तिथं वाळवी लागते."

मी 'अनेक' लिहिलं. वह्या वरून दुसऱ्या कप्प्यात ठेवल्या.

या अठ्ठावन्न वह्यांत कारखान्यांत काम करणाऱ्या आणि कामासाठी गाव सोडलेल्या माणसांनी स्वतःबद्दल सांगितलेलं आहे. वह्या बाईंनी कशा भरल्या, हे कुठल्याच वहीत नाही, म्हणून मी लिहिते आहे. शिवाय एका फेब्रुवारीत त्यांतली एक वही उघडायची की नाही, यावर नऊ कुटुंबांची घरं अवलंबून होती. तेव्हा मी तिथं होते. पण आधी बाई कशा होत्या ते सांगायला हवं. नाहीतर त्यांनी त्या वेळी जे केलं ते नुसता हट्ट वाटेल. मलाही तेव्हा तसंच वाटलं होतं.

बाई दौंडच्या. वडील लोको शेडमध्ये फिटर. रेल्वेच्या क्वार्टरमध्ये वाढल्या, पुण्यात शिकल्या आणि आमच्या शिरूरच्या कॉलेजात इतिहास शिकवायला आल्या त्या निवृत्तीपर्यंत राहिल्या. ठेंगण्या, पायात पुरुषांचे वाटावेत असे बूट, खांद्याला कापडी पिशवी आणि हातात घडीचं प्लॅस्टिकचं स्टूल. या स्टुलावरून पोरं हसायची. बाईंचं म्हणणं असं, की कामगाराच्या खोलीत खाटेवर बसलं की आपण पाहुणे होतो आणि तो धावपळ करायला लागतो. उभं राहिलं की आपण सर्व्हेवाली बाई होतो आणि तो घाबरतो. तो बसतो उलट्या बादलीवर, तर आपलं आसनही बादलीएवढंच उंच हवं. दौंडच्या बाजारात बादली शेजारी ठेवून, उंची मोजून त्यांनी ते स्टूल घेतलं होतं. दुकानदार म्हणाला होता, "मॅडम, बादली घ्यायची का स्टूल, एकदा ठरवा."

पहिल्या वर्षाच्या वर्गात त्या दरवर्षी एकच प्रश्न विचारायच्या. "तुमच्या घरातून कामासाठी गाव सोडून पहिल्यांदा कोण बाहेर पडलं?" एकही हात वर व्हायचा नाही. बागायतदारांची पोरं तर चिडायची. "आम्ही इथलेच हाय मॅडम, पिढ्यान् पिढ्या." बाई म्हणायच्या, "बरं. घरी जाऊन आजीला विचारा. आजोबांना नको, ते खोटं सांगतील." आठवड्याभरात पोरं एकेक करून स्टाफरूमच्या दाराशी यायची. कुणाचा आजोबा गिरणीत, कुणाची आजी ऊस तोडायला, कुणाचा पणजोबा रेल्वेचे रूळ टाकायला. सांगताना आवाज खाली. बाई मुद्दाम मोठ्यानं म्हणायच्या, "अरे वा! म्हणजे तुझ्या घरातही इतिहास आहे की."

दर हिवाळ्यात इनामगावला सहल. घोडनदीच्या काठी ते पांढरीचं टेकाड बघायला. तीन हजार वर्षांपूर्वीची घरं, चुली, रांजण तिथं सापडले, हे सांगून झालं की बाई पोरांकडे वळायच्या. "आता सांगा, ही माणसं मूळची कुठली? आधार कार्ड मागा त्यांच्याकडं."

एवढं करून त्या थांबल्या असत्या तर चांगल्या शिक्षिका म्हणून निरोप समारंभात नारळ घेऊन गेल्या असत्या. पण त्यांचं खरं काम सुट्टीच्या दिवशी चालायचं, कारखान्यांच्या पट्ट्यात. कारेगाव आणि आसपासच्या गावांत ओळीनं बांधलेल्या खोल्या, दर खोलीत तीन-चार माणसं, पाळी बदलली की गाद्यांवरची माणसंही बदलणार. बिहारचे, ओडिशाचे, तसेच बीडचे, लातूरचे, यवतमाळचे. बाई 'परप्रांतीय' हा शब्द वापरत नसत. आणि "तुम्ही कुठले?" असं कधीच विचारत नसत. "हा प्रश्न पोलीस विचारतात," म्हणायच्या. त्यांचा पहिला प्रश्न वेगळा होता : "येताना खिशात कुणाचा पत्ता होता?"

या प्रश्नाला प्रत्येकाकडे उत्तर असायचं. मामाचा, गाववाल्याचा, एखाद्या ठेकेदाराचा, बहिणीच्या दिराचा. त्या उत्तरांवरून बाईंनी एक मोठा तक्ता केला होता. कुणी कुणाला आणलं, त्यानं पुढं कुणाला. तोच हा गुंडाळलेला कागद. मी आधी फक्त त्यांच्या याद्या नीट करून द्यायचे, मग पिशवी धरायला जायला लागले, मग दर रविवारी.

या तक्त्यात एकदा मोठी गंमत झाली. एका आवारातल्या अकरा जणांनी एकच नाव सांगितलं. मुन्ना भैयानं आणलं. बाई हरखल्या. एक माणूस अकरांना आणतो म्हणजे केवढा महत्त्वाचा! त्यांनी दोन महिने मुन्ना भैयाचा शोध घेतला. फोन लावला की तो उचलायचा, "हाँ मैडम, आइए" म्हणायचा आणि भेटला की सांगायचा, "हम तो इनको नहीं लाए." माझ्या वहीत मुन्ना भैया एकदा पंचवीस वर्षांचा होता आणि एकदा चाळीसचा. शेवटी खोलीतल्या एकानं समजावून सांगितलं. मुन्ना भैया आठ वर्षांपूर्वीच गुजरातला गेला. जाताना आपला फोन खोलीत ठेवून गेला. गावाकडे सगळ्यांना तोच नंबर पाठ. मग ज्याच्या हातात फोन, तो मुन्ना भैया. बाईंनी तक्त्यावरचं ते नाव खोडलं, मग परत लिहिलं, आणि शेजारी कंसात 'फोन' असं लिहिलं. "मी माणूस शोधत बसले," म्हणाल्या, "यांनी तर आख्खं कचेरीचं पद तयार केलंय. नेमणूक, बदली, कारभार हस्तांतरण, सगळं. आपल्या विद्यापीठापेक्षा बरं चाललंय."

आता त्यांचा नियम. माणूस सांगतो, बाई लिहितात, पण ते सगळं कच्चं. पंधरा दिवसांनी त्या परत जायच्या आणि त्याचं त्याला पूर्ण वाचून दाखवायच्या. याला त्या फेरवाचन म्हणत. खोल्यांतली माणसं 'सुनवाई' म्हणत आणि त्या दिवशी केस विंचरून बसत. वाचून होईपर्यंत ती वही बाईंची नाही. वाचताना त्यानं जे खोडायला सांगितलं ते खोडायचं, का म्हणून विचारायचं नाही. वाचायची जागाही त्यानं सांगितलेलीच. आणि फेरवाचन झाल्याशिवाय त्यातला एक शब्दही तिसऱ्याच्या कानावर घालायचा नाही.

ओडिशाचा एक वेल्डर होता. पहिल्या आठवड्यात कंपनीच्या गेटबाहेर बसून रडलो, असं त्यानं सांगितलं होतं. फेरवाचनात ती ओळ आली तशी तो लाजला. "ये काट दीजिए." बाईंनी काटली. आठवड्यानं तो कामावरून सुटून तसाच, हेल्मेट काखेत मारून शिरूरला आमच्या ग्रंथालयात हजर. मी म्हटलं, सभासद कार्ड आहे का? तो बाईंकडे बघून म्हणाला, "मैडम, वो रोनेवाला वापस लिख दीजिए. रोया तो था." बाईंनी त्याच्यासमोर लिहिलं. तो गेल्यावर मला म्हणाल्या, "बघ, मी लिहिलं तेव्हा ती माहिती होती. आता ती त्याची साक्ष झाली."

ज्या गावाबद्दल सांगायचंय त्याचं नाव मी सांगत नाही. तिथले एक म्हातारे शेतकरी, आबा, त्यांचं आणि त्यांच्या मुलाचं नावही मी बदललं आहे. त्या पट्ट्यातलंच एक गाव. आबांची शेती गेली ती थोडी कारखान्यांत आणि उरलेल्या कडेला मुलानं, दत्ताभाऊनं, खोल्या बांधल्या. नऊ खोल्यांत नऊ कुटुंबं. त्यांत रामबाबू आणि प्रमिला, मूळ बिहारचे, आणि त्यांची काजल. काजल इथल्याच शाळेत, मराठी माध्यमात, दहावीला. बाईंना पहिल्यांदा भेटली तेव्हा म्हणाली होती, "मम्मीला मराठी कळती पन येत न्हाई, तुमी माझ्याशी बोला." तिच्यामुळेच बाईंची त्या आवारात ये-जा सुरू झाली आणि येता-जाता आबांशी ओळख झाली.

आबा सत्तरी ओलांडलेले, कानानं अधू. दुपारी गोठ्याशी एकटे बसलेले असायचे. बाईंनी त्यांना सहज विचारलं, "आबा, तुम्ही कधी गावाबाहेर कामाला गेला होता का?" आबांनी आधी घराच्या दाराकडं पाहिलं. मग म्हणाले, "दत्ता घरी नसंल तवा या." बाई दोनदा गेल्या, आबांनी सांगितलं, बाईंनी लिहिलं. मी दोन्ही वेळा जवळच होते. सांगून झाल्यावर आबा म्हणाले, "घरात वाचू नका. मी सांगन तवा." मग ते काही सांगेनात. चार महिने झाले, वही कच्चीच राहिली.

फेब्रुवारीच्या सुरुवातीला दत्ताभाऊच्या विहिरीवरची मोटर चोरीला गेली. कुणी नेली ते कुणालाच दिसलं नाही. पण गावात दोन दिवस चर्चा झाली आणि तिसऱ्या दिवशी दत्ताभाऊनं नऊही खोल्यांच्या दारावर थाप मारून सांगितलं, महिनाअखेर खोल्या रिकाम्या करा. बाहेरची माणसं ठेवायचीच नाहीत आता. दहावीची परीक्षा मार्चात होती.

रविवारी आम्ही गेलो तर काजल पायरीवर पुस्तक घेऊन बसलेली. "बाई, दुसऱ्या खोलीत गेलो तरी चालंल ओ. पन मम्मी म्हनती खोलीच मिळना तर गावाला जायचं. मंग माझा पेपर?"

परत येताना मी बाईंना सरळ सांगितलं. "तुमच्याकडे आबांची वही आहे. त्यातली दोन पानं दत्ताभाऊला वाचून दाखवा. विषय संपेल."

"ती वही माझी नाही."

"मुलीचं वर्ष जाईल."

"माहीत आहे."

"मग?"

"ज्योती, आबांनी जे आयुष्यभर कुणाला सांगितलं नाही ते मला सांगितलं. ते मी चांगल्या कामासाठी जरी बाहेर काढलं, तरी पुढच्या माणसानं मला का सांगावं? तू खोल्या शोध. याद्या तुला येतात ना?"

मी चिडले होते, पण यादी केली. आसपासच्या तीन गावांतल्या सतरा ठिकाणी फोन केले किंवा समक्ष गेले. नाव, खोली आहे का, उत्तर काय. शुक्रवारपर्यंत सतराही ओळींवर रेघ. "फॅमिली चालंल ताई, पन बाहेरची नकोत. त्या गावात मोटर गेली म्हणं." मोटरीची बातमी माझ्या यादीच्या पुढे पळत होती.

ती यादी मी बाईंच्या टेबलावर ठेवली. त्यांनी ती वरपासून खालपर्यंत वाचली, चष्मा पुसला आणि म्हणाल्या, "उद्या सकाळी आबांकडं जाऊ. वाचायचं राहिलंय, एवढं तरी मी त्यांना सांगू शकते."

शनिवारी सकाळी गेलो तेव्हा ओसरीवर दत्ताभाऊ, गावातले आणखी दोघे आणि चहा. सूनबाई आत-बाहेर करत होती. आबा कोपऱ्यात खुर्चीवर. बाई स्टूल उघडून त्यांच्याजवळ बसल्या आणि आबांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "आबा, खोल्या रिकाम्या व्हायच्यात हे तुम्हाला कळलं असेल. तुम्ही मला जे सांगितलंत ते मी कुणाला सांगितलेलं नाही आणि सांगणारही नाही. पण तुमचं फेरवाचन राहिलंय. तुम्ही म्हणाल तेव्हा, म्हणाल तिथं करू. नको म्हणालात तर वही तुमच्या हातात देते."

दत्ताभाऊ हसला. "आबांनी काय सांगितलंय बाई तुम्हाला? बैलांची नावं?"

आबांनी त्याच्याकडे पाहिलं नाही. "आज वाचा," म्हणाले.

"कुठं बसू या? गोठ्याकडं?"

"हितंच."

"आबा, तुम्हाला ऐकू जायचं तर मोठ्यानं वाचावं लागेल."

"मंग वाच की मोठ्यानं. पन्नास वरीस हळूच बोललोय मी."

बाईंनी वही उघडली. मी इथं त्यातला थोडाच भाग देते. त्या दिवसानंतर आबांनी स्वतःच सांगितलं, की नाव सोडून बाकी कुणालाही वाचून दाखवा.

"'बहात्तरचा दुष्काळ. हिरीला तळ दिसत व्हता. बाप म्हणला, एक तोंड तरी कमी कर. खिशात दौंडच्या एका पावण्याचा पत्ता. गेलो तर त्याच्या दाराला कुलूप, त्यो मुंबैला गेल्याला. दोन दिस ठेसनावर बसलो. लोको शेडचा एक खलाशी, फिटरच्या हाताखालचा गडी, केशव नाव, रोज जाता-येता बघायचा. तिसऱ्या दिशी म्हणला, जेवलास का? त्याच्या खोलीत घिऊन गेला. एक खोली, त्यात सा माणसं, मी सातवा. बौद्ध माणूस. त्यानं माझी जात इचारली न्हाई आन् म्या सांगितली न्हाई, पन त्याला कळलं व्हतं. पयल्या दिशी म्या भूक न्हाई म्हणलो. दुसऱ्या दिशी जेवलो. त्यानंच मला राखेच्या खड्ड्यावर लावून दिलं. इंजनाची राख काढायची. खोल्यांच्या लायनीतली माणसं मला बाहेरचा म्हणायची. ह्यो बाहेरचा आपल्या पोरांचं काम खातोय, ह्याला काढ, म्हणून केशवच्या मागं लागली. त्यो म्हणला, काढा, पन माझंबी सामान त्येच्यासंगं बाहेर ठिवा. चौदा महिनं राह्यलो. गावात सांगितलं, पावण्याकडं व्हतो.'"

ओसरीवरचे दोघे चहा प्यायचे थांबले होते. बाईंनी पान उलटलं.

"'पुढं लगीन झालं, पोरगं झालं. दत्ताचं जावळ व्हतं. ओसरीवर पावणं बसल्यालं. फाटकापाशी केशव आला. कुनाकडनं कळलं, काय म्हाईत. हातात टोपडं. मला बघून हासला. म्या म्हणलो, कोण पायजे? त्यानं पावण्यांकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं. म्हणला, चुकलं माझं, दुसरं घर असंल. टोपडं भितीवर ठिवलं आन् गेला.'"

"थांबा," आबा म्हणाले. "म्या उठलोबी न्हाई. ते लिव्हलंय का?"

"नाही आबा. ते तुम्ही सांगितलं नव्हतं."

"लिव्हा. बसूनच इचारलं म्या. तंगडीवर तंगडी व्हती माझी."

बाईंनी पेन काढून लिहिलं. सगळे त्यांच्या लिहिण्याकडे बघत होते. मग त्यांनी शेवटची ओळ वाचली.

"'टोपडं दत्ताला घातलं. चांगलं बसलं. गावच्या शिंप्यानं शिवलं म्हणून सांगितलं घरात.'"

वही मिटली. सूनबाई दाराशी उभी होती. तिनं पदर तोंडाला लावला.

दत्ताभाऊ म्हणाला, "आबा, हे आमाला आधी का न्हाई सांगितलं?"

"तू कवा इचारलं? ह्या बाईनं इचारलं."

दत्ताभाऊ उठला, चपला घातल्या, परत काढल्या. "मोटर मातर गेलीया. ती काय ह्या गोष्टीनं परत येनार हाय व्हय?"

"न्हाई येनार," आबा म्हणाले. "मोटर चोरनाऱ्याला हुडक. मी कुठं अडवतोय? खोलीतल्या माणसांनी नेली आसंल तर दाखव. न्हाईतर त्यांच्यासंगं माझीबी खाट बाहेर टाक."

बाईंनी स्टूल मिटलं, वही पिशवीत घातली आणि "येते आबा" म्हणून निघाल्या. मला वाटत होतं, आता दत्ताभाऊला दोन शब्द सुनावावेत, लोखंड गरम आहे. फाटकाबाहेर आल्यावर तसं म्हणालेही. बाई म्हणाल्या, "माझं काम वाचायचं होतं. आता त्या घराचं काम सुरू झालंय. त्यात आपण नको."

संध्याकाळी काजलचा फोन आला. दत्ताभाऊ आवारात येऊन गेला होता. नळाच्या कट्ट्यापाशी उभं राहून म्हणाला, "ऱ्हावा. पन फाटक उघडं टाकायचं न्हाई. आन् दहावीची कोन हाय? तिच्या खोलीपुढं टीवी मोठा लावू नगा कुनी." नऊच्या नऊ कुटुंबं राहिली. काजल परीक्षेला बसली, पास झाली. आता शिरूरला अकरावीला आहे आणि आमच्या ग्रंथालयाची सभासद आहे. पुस्तकं उशिरा परत करते. मोटर आजतागायत सापडलेली नाही आणि दत्ताभाऊ त्याबद्दल अजून अधूनमधून बोलतो. फक्त आता तो 'बाहेरच्यांनी नेली' म्हणत नाही, 'कुनीतरी नेली' म्हणतो. बाईंच्या मते हा मोठा फरक होता. मला आधी तो छोटा वाटला होता.

मी बाईंना एकदा विचारलं, "हा केशव खलाशी तुमच्या ओळखीचा होता का? तुमचे वडीलही शेडमध्येच ना?"

त्या हसल्या. "दौंडला खलाशी काय एकच होता? आणि माणसं ठेवून घेणारंही एकच घर नव्हतं. माझ्याकडं अशा सहा वह्या आहेत. आबांसारखी सहा माणसं. पाच अजून हळूच बोलतात."

केशव वारला होता. बाईंनी महिनाभर चौकशी करून त्याची मुलगी शोधली. दौंडलाच असते, नगरपालिकेच्या शाळेतून मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त झालेली. बाईंनी आधी तिला विचारलं, असा असा एक माणूस येऊ म्हणतो, चालेल का? तिनं दोन दिवस वेळ मागितला आणि मग कळवलं, येऊ द्या. आबांना सांगितल्यावर ते म्हणाले, "पावसाच्या आधी जाऊ." मुलाच्या गाडीतून जायला तयार होईनात. "तवा यष्टीनं गेलो व्हतो, आताबी यष्टीनंच."

शिरूरच्या स्टँडवर मी त्यांना सोडायला गेले होते. त्यानंतर बाईंच्या गुडघ्यांचं ऑपरेशन झालं, त्या भाचीकडे नाशिकला गेल्या आणि तिथं औद्योगिक वसाहतीत नव्या वह्या सुरू केल्या असं फोनवर कळतं. प्रत्यक्ष भेट नाही. म्हणजे मला दिसलेल्या शेवटच्या बाई त्या स्टँडवरच्याच.

दौंडची गाडी लागली तशी गर्दी आत घुसली. आबांनी धोतर नवं नेसलं होतं, हातात पेढ्यांचा पुडा. एका कॉलेजच्या पोरीनं उठून त्यांना खिडकीची जागा दिली. बाई शेजारी उभ्या, वरची दांडी हाताला येत नव्हती म्हणून सीटची पाठ धरून. मी खिडकीखाली उभी होते, त्यामुळे सगळं ऐकू येत होतं. तसं ते आख्ख्या गाडीलाच ऐकू येत होतं.

"बाई, ती तवा पाच वर्सांची व्हती. माझ्या ताटात जेवायची. वळखंल का मला?"

"नाही ओळखणार."

"मंग काय सांगू?"

"नाव सांगा. गाव सांगा. मग काय सांगायचं ते तुमचं तुम्ही."

"आन् तिनं इचारलं, कोण पायजे, तर?"

गाडीतली माणसं वळून बघायला लागली होती. एक बाई पोराला गप्प करून ऐकत होती. रणपिसे बाईंनी सीटची पाठ आणखी घट्ट धरली, आबांच्या कानाशी वाकल्या, आणि वाकूनही मोठ्यानंच म्हणाल्या,

"तर उभं राहून उत्तर द्या."

आबांनी मान हलवली. कंडक्टरनं घंटी मारली. गाडी वळून फाटकाबाहेर पडली तेव्हा आबा खिडकीतून पुढं बघत होते, आणि बाई उभ्याच होत्या, ठेंगण्या, माणसांच्या खांद्यांमध्ये अर्ध्या दिसणाऱ्या, शेजारच्या अनोळखी माणसाच्या कुठल्याशा प्रश्नाला हसून उत्तर देत.